फायरवॉलची डीएलएल हरवली, तर कुठून आणायची

फायरवॉल, म्हणजे नेटवरून पीसीत काय येऊ-जाऊ द्यायचं ते ठरवणारा पहारेकरी प्रोग्रॅम, सुरू करताना ‘अमुक डीएलएल सापडली नाही’ असा मेसेज आला, की आधी त्या फाइलचं नाव स्पेलिंगसकट उतरवून घ्या. मोबाइलवर फोटो काढला तरी चालते. फक्त ते नाव गुगलवर टाकून, फुकट डीएलएल देणाऱ्या साइटवरून फाइल उतरवू नका. घाटंजी तालुक्यात माझं सेवा केंद्र आहे. आजूबाजूच्या गावांतले केंद्रवाले पीसी अडला की मला फोन करतात. “ताई, फाइल टाकली सिस्टम३२मध्ये, तरी फायरवॉल बंदच दाखवून राहिला,” हे वाक्य माझ्या कानाला पाठ झालं आहे.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायचा तयार कोड. विंडोजचा फायरवॉल तर पूर्ण तिच्यावरच उभा आहे. एसव्हीसीहोस्ट नावाचा प्रोग्रॅम एमपीएसएसव्हीसी डॉट डीएलएल उचलतो, तेव्हा फायरवॉलची सर्व्हिस सुरू होते. तिच्या खाली बेस फिल्टरिंग इंजिन लागते, त्याची फाइल बीएफई डॉट डीएलएल. हे इंजिन बंद असलं तर वर काहीही करा, फायरवॉल उठत नाही. म्हणून सर्व्हिसेस उघडून ‘बेस फिल्टरिंग इंजिन’ रनिंग आहे का, ते सगळ्यात आधी पाहा.

उतरवलेली फाइल का चालत नाही, तेही समजून घ्या. ट्रॅक्टरचं बेअरिंग दिसायला सारखं असलं तरी नंबर जुळल्याशिवाय बसत नाही, तसंच हे. नाव एक, पण व्हर्जन वेगळं, बिट (३२ की ६४) वेगळे. त्यात विंडोजने नावांचा घोळ घातला आहे: ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या असतात सिसवाऊ६४मध्ये. उलटसुलट टाकली की ०एक्ससी०००००७बी हा एरर येतो. आणि अनोळखी माणसाने दिलेली फाइल तुम्ही थेट फायरवॉलच्या पोटात घालता, ही भीती मला सगळ्यात मोठी वाटते. आपल्या पीसीवर गावाचे आधार, बँक पासबुक, सातबारा उघडे असतात.

फाइल विंडोजची असेल, म्हणजे वरच्या दोन किंवा फायरवॉलएपीआय, एफडब्ल्यूपीयूसीएलएनटी यांसारखी, तर विंडोजकडूनच दुरुस्त करून घ्या. कमांड प्रॉम्प्ट ‘रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’ करून उघडा. आधी डिस्म /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोरहेल्थ, ते संपल्यावर एसएफसी /स्कॅननाऊ. अक्षरं अर्थातच इंग्रजीत टाका आणि प्रत्येक तिरप्या रेघेआधी एक जागा सोडा. डिस्म खराब फाइलींच्या जागी चांगल्या फाइली विंडोज अपडेटमधून आणते, त्यामुळे मोबाइलच्या हॉटस्पॉटवर असाल तर डेटा शिल्लक आहे का, ते पाहा. टक्का एकाच आकड्यावर बराच वेळ थांबतो, तेव्हा खिडकी बंद करू नका. आपल्याकडे लाइनचा भरवसा नाही. हे काम इन्व्हर्टर किंवा यूपीएसवरच करा, कारण पीसी धाडकन बंद पडूनही फाइली खराब होतात. दोन्ही झाल्यावर रीस्टार्ट.

एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० हे नाव आलं, तर गोष्ट सोपी आहे. या फाइली मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजात येतात. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून ते घ्या. ६४ बिटचा पीसी असला तरी एक्स८६ (३२ बिटचं) आणि एक्स६४ (६४ बिटचं) दोन्ही टाका, कारण ३२ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटचीच फाइल लागते.

दुसऱ्या कंपनीचा फायरवॉल असेल आणि फाइलही तिचीच, तर एकेक फाइल जोडत बसू नका. फायरवॉलमध्ये तुम्ही लावलेले नियम एक्सपोर्ट होत असतील तर करून ठेवा, प्रोग्रॅम पूर्ण काढा, रीस्टार्ट करा, मग कंपनीच्या साइटवरून नवा टाका. जुन्या काही फायरवॉलच्या डीएलएल विंडोजच्या नेटवर्कच्या साखळीत स्वतःला जोडून घेत. प्रोग्रॅम काढला की साखळी तुटते आणि नेट कायमचं गेल्यासारखं दिसते. अशा वेळी अ‍ॅडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमध्ये नेटएसएच विनसॉक रीसेट टाका आणि पीसी रीस्टार्ट करा. पीक विम्याच्या शेवटच्या दिवशी एका केंद्राचं नेट यावरच सुरू झालं होतं.

साइटवरची फाइल आधीच टाकून बसला असाल, तर ती काढा आणि डिफेंडरचा, म्हणजे विंडोजच्याच अँटीव्हायरसचा, ऑफलाइन स्कॅन चालवा. केंद्राच्या लॉगिनचा पासवर्ड दुसऱ्या पीसीवरून बदला. मग विंडोज सिक्युरिटीत डोमेन, प्रायव्हेट आणि पब्लिक, या तिन्ही नेटवर्क प्रोफाइलचा फायरवॉल चालू दिसला पाहिजे. हॉटस्पॉटवर असाल तर प्रोफाइल पब्लिकच ठेवा. त्यानंतर अंगठ्याचं मशीन लावून पाहा. ते अडलं तर पूर्ण फायरवॉल बंद करू नका, त्याच्या आरडी सर्व्हिसला, म्हणजे मशीन आधारसाठी चालवणाऱ्या प्रोग्रॅमला, तेवढी परवानगी द्या.