संशोधनातील पुरावा रुग्णाच्या वहीपर्यंत कसा न्यावा

अमेरिकन मानसशास्त्र संघटनेने २००५ साली स्वीकारलेल्या धोरणानुसार पुराव्याधारित उपचाराला तीन अंगे असतात: उपलब्ध संशोधनातील सर्वोत्तम पुरावा, उपचारकाचे कौशल्य, आणि रुग्णाची वैशिष्ट्ये, संस्कृती व पसंती. परीक्षेत ही व्याख्या सर्वांनाच लिहिता येते. अडचण येते ती बाह्यरुग्ण विभागात, जिथे बाकावर माणसे ताटकळत असतात, समोरच्या बाईंना मराठी समजत असले तरी मन मोकळे होते ते तेलुगूतच, आणि प्रत्येक प्रश्नाचे उत्तर सोबत आलेली सासूच देत असते. अशा वेळी तिसरे अंग ही पहिले अंग टाळण्याची सबब बनते. ‘आपल्याकडे हे चालत नाही’ असे एकदा म्हटले की वाचनाचे ओझे उतरते.

सोलापूर शहरात व जिल्ह्यात भारतीय पुनर्वास परिषदेच्या नोंदणीसह काम करणारे चिकित्सालयीन मानसशास्त्रज्ञ, आणि त्यांच्या देखरेखीखाली शिकणारे विद्यार्थी यांच्यासाठी पुढील पद्धत लिहिली आहे. सुरुवात कशाने करावी हे संशोधन सांगते, आणि सुरू केलेले चालू ठेवावे की नाही हे त्याच रुग्णाची मोजमापे सांगतात, हे तिचे सूत्र आहे.

प्रश्न नेमका करणे

समजा, सोलापूरच्या पूर्व भागातील चाळिशीच्या एक विडी कामगार बाई आल्या आहेत. डोके जड होते, छातीत धडधडते, अंगात त्राण नाही, पूर्वी सहज होणाऱ्या हजार विड्या आता दिवस मावळला तरी पुऱ्या होत नाहीत, अशी त्यांची तक्रार आहे. प्रथम फिजिशियनकडे चिठ्ठी द्यावी. हिमोग्लोबिन आणि थायरॉईड पाहिल्याशिवाय थकव्याला मानसिक कारण जोडणे हा पुराव्याचा पहिलाच भंग ठरतो. अहवाल आल्यावर, आणि मुलाखतीतून नैराश्याचे निदान पक्के झाल्यावर, प्रश्न लिहावा. ‘नैराश्यावर काय चालते?’ या प्रश्नाचे उत्तर कोणत्याही ग्रंथालयात मिळत नाही. ‘मध्यम ते तीव्र नैराश्य असलेल्या, आठपेक्षा जास्त वेळा येऊ न शकणाऱ्या प्रौढ स्त्रीला, नेहमीच्या उपचारांच्या तुलनेत, कोणत्या मानसोपचाराने तीन महिन्यांत फरक पडतो?’ या प्रश्नाचे मिळते. रुग्ण कोण, उपाय कोणता, तुलना कशाशी आणि परिणाम कोणता, हे चारही भाग एकाच वाक्यात आले पाहिजेत.

वाचताना काय पाहावे

शोधाची सुरुवात एकेकट्या निबंधापासून करू नये. जागतिक आरोग्य संघटनेची एमएच-गॅप मार्गदर्शिका, ब्रिटनमधील नाइस संस्थेच्या शिफारशी, भारतीय मानसोपचार संघटनेची मार्गदर्शक तत्त्वे, त्यानंतर कॉक्रेन या संस्थेचे, अनेक चाचण्या एकत्र तपासणारे पद्धतशीर आढावे, आणि शेवटी मूळ चाचण्या, असा क्रम ठेवला तर बहुतेक प्रश्नांची उत्तरे तासाभरात हाती लागतात. पबमेड या वैद्यकीय निबंधांच्या ऑनलाइन सूचीवर सारांश विनामूल्य मिळतात हे खरे. परंतु केवळ सारांश वाचून उपचार ठरवणे म्हणजे लग्नपत्रिका वाचून संसाराचा अंदाज बांधण्यासारखे आहे.

वरील प्रश्नाला जवळचा पुरावा गोव्यातून मिळतो. विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी २०१७ साली ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध केलेल्या यादृच्छिक, म्हणजे कोण कोणत्या गटात हे चिठ्ठी काढल्याप्रमाणे ठरवलेल्या, चाचणीत प्राथमिक आरोग्य केंद्रांतील ४९५ रुग्ण होते. एका गटाला डॉक्टरांच्या सुधारित नेहमीच्या उपचारांसोबत, मानसशास्त्राची पदवी नसलेल्या पण प्रशिक्षित समुपदेशकांकडून सहा ते आठ सत्रे मिळाली. उपचाराचा गाभा बिहेवियरल अॅक्टिव्हेशनचा, म्हणजे टाळलेल्या व सुटलेल्या कृती नियोजनपूर्वक पुन्हा सुरू करण्याचा होता. तीन महिन्यांनी पीएचक्यू-९ या नैराश्य मोजणाऱ्या नऊ प्रश्नांच्या प्रश्नावलीवरील गुण दहाच्या खाली आलेले रुग्ण उपचारगटात ६४ टक्के, तर तुलनागटात ३९ टक्के होते. फरक २५ टक्क्यांचा, म्हणजे साधारण चार रुग्णांना ही सत्रे दिली तर त्यांच्यामुळे बरा होणारा एक रुग्ण अधिकचा मिळतो. मानसोपचारात हा आकडा चांगलाच आहे.

तरीही तीन गोष्टी तपासाव्यात. तुलना कशाशी होती? नुसत्या प्रतीक्षायादीशी तुलना केलेल्या चाचण्यांत उपचार असतो त्यापेक्षा मोठा दिसतो. येथे तुलना प्रत्यक्ष वैद्यकीय उपचारांशी होती, ही जमेची बाजू. रुग्ण कोण होते? या चाचणीत १५ किंवा त्याहून अधिक गुण असलेल्यांनाच घेतले होते, त्यामुळे आपल्या रुग्णाचे गुण ११ असतील तर ही चाचणी त्यांच्याविषयी थेट काही सांगत नाही. बरे होण्याची व्याख्या कोणती? दहाच्या खाली ही रेषा तशी सैल आहे. अनेक संशोधक पाचच्या खालीच पूर्ण उतार मानतात. आकडे कोठून आले हे पाहण्याची सवय इतरत्रही उपयोगी पडते. २०१५-१६ च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणातील टक्केवारी जिल्ह्याच्या प्रस्तावांत सर्रास वापरली जाते, परंतु त्या बारा राज्यांत महाराष्ट्र नव्हता.

गाभा तोच, रूप इथले

पुरावा आपल्या रुग्णाला लागू करताना उपचाराचे कोणते घटक परिणाम घडवतात आणि कोणते केवळ बाह्य रूप आहे, हे वेगळे करून वहीत दोन रकान्यांत लिहावे. येथे कृती आणि मनःस्थिती यांचा संबंध रुग्णाला दाखवून देणे, टाळाटाळ ओळखणे, लहान कृती ठरवून करणे व अडचणी सोडवणे हा गाभा आहे. तासातासाची छापील दैनंदिनी हे रूप आहे.

आपल्या बाईंना दैनंदिनी भरणे जमणार नाही. पण विड्यांची मोजणी त्यांच्या हाताला आहेच. दर शंभर विड्या झाल्या की कागदावर एक खूण करावी, मन बरे असेल तर उभी रेघ, जड असेल तर आडवी, आणि त्या वेळी शेजारी कोण होते ते नंतर तोंडी सांगावे, एवढे पुरते. आठवड्याच्या कागदावर समजा असे दिसले की आडव्या रेघा बहुतेक दुपारच्या आहेत, आणि पूर्वी शेजारणींसोबत ओट्यावर बसणाऱ्या बाई आता सूप घेऊन आतल्या खोलीत एकट्याच बसतात. पहिली नियोजित कृती तिथेच सापडली: रोज दुपारी शंभर विड्या वळण्यापुरते ओट्यावर बसणे. ‘सकाळी फिरायला जा’ हा सल्ला पुस्तकात शोभतो. पहाटे उठून पाणी भरणाऱ्या आणि पाने कातरणाऱ्या बाईंना तो दिला तर त्या पुढच्या सत्राला येणार नाहीत.

गाभ्याशी तडजोड मात्र करू नये. मंत्रचळाच्या, म्हणजे तोच विचार व तीच कृती पुन्हा पुन्हा करावी लागणाऱ्या, रुग्णांत ती सर्वाधिक होते. हात धुण्याच्या सक्तीवर एक्स्पोजर आणि प्रतिसाद-प्रतिबंध, म्हणजे भीतीच्या गोष्टीला पायरीपायरीने सामोरे जायचे आणि हात धुणे रोखायचे, ही पद्धत उत्तम पुराव्याची आहे, आणि तिचे मूळ व्हिक्टर मेयर यांच्या १९६६ च्या कामात आहे. शहरात काही दिवसांआड नळाला पाणी येत असताना अशा घरात बॅरलवरून भांडणे होतात, आणि रोज किती घागरी संपल्या हे घरचे अचूक सांगतात. हे मोजमाप म्हणून जरूर वापरावे. पण भीती सोसवत नाही म्हणून रुग्णाला फक्त दीर्घ श्वसन शिकवून परत पाठवणे, किंवा ‘एकदाच धू’ अशी सवलत देणे, म्हणजे नाव तेच ठेवून औषध काढून घेणे होय. चढण लहान पायऱ्यांची करावी. पायरी गाळू नये.

मोजमाप

पीएचक्यू-९ विनामूल्य आहे आणि तिची मराठी, तेलुगू व कन्नड भाषांतरे उपलब्ध आहेत. घरच्या घरी भाषांतर करू नये. एकूण गुण ० ते २७ असतात, आणि ५, १०, १५ व २० या तीव्रतेच्या सीमारेषा आहेत. ‘गेले दोन आठवडे’ हा काळ रुग्णाच्या डोळ्यांसमोर उभा करावा, म्हणजे मागच्या एकादशीपासून किंवा मागच्या पगारापासून असा. यंत्रमागावर रातपाळी करणाऱ्याचा झोपेचा प्रश्न आणि श्रावणातल्या उपवासांत भुकेचा प्रश्न नैराश्याविना गुण वाढवू शकतो, म्हणून बेरजेसोबत प्रत्येक प्रश्नाचे गुण वेगळे लिहावेत.

नववा प्रश्न मरणाच्या व स्वतःला इजा करण्याच्या विचारांचा आहे. तो नातेवाइकांसमोर विचारू नये आणि सुनेला किंवा मुलाला दुभाषी करून तर मुळीच विचारू नये. उत्तर शून्याहून अधिक असेल तर त्याच बैठकीत हेतू, योजना व साधने यांची चौकशी करावी, गरजेनुसार मानसोपचारतज्ज्ञांकडे त्याच दिवशी पाठवावे आणि टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा १४४१६ हा क्रमांक लिहून द्यावा.

दर सत्राच्या आरंभी गुण घेऊन आलेखावर मांडावेत. पाच गुणांची घट सामान्यतः अर्थपूर्ण मानली जाते. चौथ्या सत्रापर्यंत तेवढी घट झाली नाही तर काय बदलायचे, हे पहिल्याच सत्रात लिहावे. उपचारकाला आपला रुग्ण सुधारतो आहे असे नेहमीच वाटत असते, आणि केवळ अंदाजावर विसंबणे किती तोकडे ठरते हे मानसशास्त्रज्ञ पॉल मील यांनी १९५४ मध्येच दाखवून दिले आहे.

जे थांबवायचे ते

पुराव्याचा उपयोग काही गोष्टी न करण्यासाठीही होतो. कारखान्यात आग लागली की दुसऱ्याच दिवशी सर्व कामगारांना एकत्र बसवून प्रसंग तपशीलवार सांगायला लावण्याची मागणी व्यवस्थापनाकडून येते. १९९७ मध्ये बिसन आणि सहकाऱ्यांनी भाजलेल्या रुग्णांवर केलेल्या चाचणीत असे एकच सत्र मिळालेल्यांपैकी २६ टक्क्यांना तेरा महिन्यांनी आघातोत्तर ताणविकार होता. न मिळालेल्यांत हे प्रमाण ९ टक्के होते. कॉक्रेनच्या आढाव्यातही अशा सत्राचा फायदा आढळला नाही. म्हणून सुरक्षितता, झोप, घरच्यांशी संपर्क आणि नुकसानभरपाईची कागदपत्रे यांत मदत करावी, बोलायचे असेल त्याचे ऐकावे, आणि महिन्याने सर्वांची पुन्हा तपासणी करावी. व्यवस्थापनाला हे आकडे दाखवले तर नकार पटवणे सोपे जाते.

आलेख उतरत नसेल तेव्हा

प्रथम ठरवलेली कृती खरोखर झाली का ते पाहावे; बहुधा दोष तिथेच असतो. त्यानंतर निदान पुन्हा तपासावे, विशेषतः दारू, घरातील मारहाण आणि पूर्वीचे उन्मादाचे झटके यांविषयी एकांतात विचारावे. मग मानसोपचारतज्ज्ञांशी औषधांबाबत बोलावे. उपचार बदलला तर तारीख, कारण आणि त्या दिवशीचे गुण एका ओळीत लिहावेत, म्हणजे पुढचा उपचारक पहिल्या पानापासून सुरुवात करणार नाही. आलेख उतरला असेल तर सत्रांमधील अंतर वाढवावे, आणि शेवटच्या सत्रानंतर तीन महिन्यांनी फोन करून तीच प्रश्नावली पुन्हा घ्यावी. त्यासाठी रुग्णाची परवानगी आणि फोन कोणाच्या हातात असतो हे आधीच विचारून ठेवावे.