कपाशीच्या प्रयोगात ब्लॉक कसे आखावेत

नागपूर जिल्ह्यातल्या एखाद्या पऱ्हाटीच्या वावरात वरच्या धुऱ्यापासून नाल्याकडे चालत गेले, तर दोन-तीनशे पावलांत पायाखालची जमीन बदलते. वर ती मुरमाड, हलकी आणि लवकर वाळणारी असते, तर खाली काळी, खोल आणि उन्हाळ्यात हाताचा पंजा जाईल एवढ्या भेगा पडणारी असते. अशा वावरात खताच्या चार मात्रांची तुलना करायची असेल आणि प्लॉट वाटेल तसे वाटून दिले असतील, तर ज्या मात्रेच्या वाट्याला नाल्याकडचे प्लॉट अधिक येतील तीच सरस दिसण्याचा धोका राहतो. ब्लॉकिंग म्हणजे एकसारख्या जमिनीचे प्लॉट एका गटात घेणे, त्या प्रत्येक गटात चारही मात्रा एकेकदा देणे आणि तुलना गटाच्या आतच करणे. रोनाल्ड फिशर हे 1919 साली इंग्लंडमधील रोथॅमस्टेडच्या कृषी संशोधन केंद्रात रुजू झाले आणि तिथल्या शेतांवर काम करतानाच त्यांनी ही पद्धत घडवली. आपल्याकडे कृषीचे विद्यार्थी ज्याला आर.बी.डी. (रँडमाइज्ड ब्लॉक डिझाइन) म्हणतात, तो आराखडा तोच.

ब्लॉक कागदावर आखण्याआधी वावर पाहावे, हे मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. चांगला पाऊस पडून गेल्यावर दुसऱ्या दिवशी पाणी कुठे साचले आहे आणि कुठे जमीन वाफशावर आली आहे ते पाहावे, चार-पाच ठिकाणी फावड्याने फूटभर खोदून मुरूम किती खोलीवर लागतो ते तपासावे, आणि मागच्या वर्षी पीक कुठे बसके राहिले हे वाहणाऱ्या शेतकऱ्यालाच विचारावे, कारण ते त्याला तासागणिक माहीत असते. उतार कोणत्या दिशेने आहे हे कळले की ब्लॉकच्या पट्ट्या उताराला आडव्या, एकाखाली एक घ्याव्यात. पट्ट्या उभ्या, म्हणजे धुऱ्यापासून नाल्यापर्यंत आखल्या, तर प्रत्येक ब्लॉकमध्येच हलकी आणि भारी अशी दोन्ही जमीन येते आणि ब्लॉक केल्याचा काहीच उपयोग उरत नाही. ब्लॉक एकमेकांना लागून असलेच पाहिजेत असे नाही. मधली चोपण जागा सरळ सोडून द्यावी.

त्यानंतर मात्रांचा क्रम चिठ्ठ्या टाकून ठरवावा, आणि तो प्रत्येक ब्लॉकसाठी नव्याने ठरवावा. माझ्या पहिल्या प्रयोगात मी एकदाच चिठ्ठ्या काढल्या आणि तोच क्रम पाचही ब्लॉकमध्ये उतरवला. शेवटची मात्रा त्यामुळे प्रत्येक वेळी पूर्वेच्या धुऱ्यालगत, बाभळींच्या रांगेशेजारी आली. त्या प्लॉटमधली पऱ्हाटी खुरटलेली दिसली, पण दोष मात्रेचा होता की बाभळींच्या सावलीचा आणि मुळांचा, हे सांगण्याचा कोणताही मार्ग माझ्याकडे उरला नाही आणि एका हंगामाची मेहनत वाया गेली. आता मी चार चिठ्ठ्या स्टीलच्या पेल्यात घालून ब्लॉकगणिक पुन्हा काढतो आणि क्रम तिथेच वहीत लिहितो.

ब्लॉक पेरणीपुरता नसतो. निंदण, फवारणी आणि वेचणी हीदेखील ब्लॉकप्रमाणेच व्हावी: एका ब्लॉकची वेचणी त्याच बायांनी, त्याच दिवशी पूर्ण करावी आणि पावसाने काम थांबणारच असेल तर ते ब्लॉक संपल्यावर थांबावे. मजुरांमधला आणि दिवसांमधला फरक मग ब्लॉकच्या फरकात मिसळतो, मात्रांच्या तुलनेत शिरत नाही.

याचा लाभ किती होतो, ते एका कल्पित उदाहरणावरून पाहू. वरून खाली असलेल्या चार ब्लॉकमध्ये जुन्या मात्रेने प्रति प्लॉट 6, 8, 11 आणि 15 किलो कापूस दिला आणि नव्या मात्रेने 7, 9.5, 12 आणि 16.5 किलो दिला, असे समजा. सरासरीतला फरक 1.25 किलो आहे. ब्लॉक विसरून हिशेब केला तर या फरकाची प्रमाण त्रुटी, म्हणजे तो निव्वळ योगायोगाने साधारण किती इकडेतिकडे होऊ शकतो याचे माप, सुमारे 2.8 किलो येते, म्हणजे फरक असून नसल्यासारखा होतो. ब्लॉकच्या आतले फरक मात्र 1, 1.5, 1 आणि 1.5 आहेत, आणि त्यांवरून प्रमाण त्रुटी जेमतेम 0.14 किलो निघते. आकडे तेच असतात, फक्त जमिनीचा फरक बाजूला काढलेला असतो.

म्हणून अ‍ॅनोव्हाच्या, म्हणजे उत्पादनातला एकूण फरक कारणांनुसार वाटून दाखवणाऱ्या हिशेबाच्या, तक्त्यात ब्लॉकची ओळ असलीच पाहिजे. चार मात्रा आणि पाच ब्लॉक असतील तर एकूण 19 स्वातंत्र्यांशांपैकी (स्वतंत्रपणे बदलू शकणाऱ्या तुलनांची संख्या, म्हणजे 20 प्लॉटमधून एक वजा) 4 ब्लॉकचे, 3 मात्रांचे आणि 12 त्रुटीचे, म्हणजे उरलेल्या योगायोगाच्या फरकाचे असतात. ब्लॉकचा परिणाम लक्षणीय आला नाही म्हणून ती ओळ नंतर गाळू नये. चिठ्ठ्या ब्लॉकच्या आत टाकल्या होत्या, तेव्हा विश्लेषणही तसेच व्हायला हवे.

काटोलकडच्या संत्र्याच्या बागेत ब्लॉक जमिनीवरून न करता झाडांवरून करणे अनेकदा अधिक योग्य ठरते: बुंध्याचा घेर आणि मागच्या बहाराचे उत्पादन पाहून सारखी झाडे एका ब्लॉकमध्ये घ्यावीत, मग ती बागेत दूरदूर का असेनात. उतार दोन दिशांना असेल तर लॅटिन चौरस घ्यावा, म्हणजे प्रत्येक मात्रा प्रत्येक ओळीत आणि प्रत्येक स्तंभात एकेकदाच येईल अशी मांडणी करावी, पण त्यात जितक्या मात्रा तितक्याच ओळी आणि तितकेच स्तंभ लागतात. रानडुकरांनी एखादा प्लॉट उद्ध्वस्त केला तर त्या जागी शून्य लिहू नये. तो प्लॉट गहाळ म्हणूनच नोंदवावा आणि हिशेब त्याप्रमाणे करावा.