कादंबरीतल्या जगाचं कॅलेंडर असं जुळवलं

माझ्या काल्पनिक जगात चांद्रमहिना बरोबर 28 दिवसांचा, 13 महिन्यांचं वर्ष 364 दिवसांचं, पण सूर्याचं वर्ष 370.4 दिवसांचं, म्हणजे दरवर्षी 6.4 दिवस मागे राहतात. गोष्ट 30 वर्षं चालते, तोवर हा फरक 192 दिवसांवर जातो आणि पेरणीचा सण थेट बर्फात येतो.

उपाय आपल्या पंचांगातच आहे, अधिक मास. आपल्याकडे चांद्रवर्ष 354 दिवसांचं, 11 दिवस कमी पडतात म्हणून साधारण 32-33 महिन्यांनी अधिक येतो, 19 वर्षांत 7. तेच गणित इकडे लावलं तर 35 वर्षांत 8 अधिक महिने, हिशोब एकदम चोख! नियम एवढाच की वर्ष संपताना साठलेला फरक 28 किंवा त्याहून जास्त झाला की महिना वाढवायचा, पहिला येतो पाचव्या वर्षी. अधिक महिनाही 28 चाच ठेवलाय त्यामुळे आठवडी बाजाराच्या तारखा हलत नाहीत, हे मला फार आवडलं.

आधीच चढलेल्या 192 दिवसांसाठी ज्युलियस सीझरचं बघितलं, त्याने इसवी सनपूर्व 46 हे वर्ष चक्क 445 दिवसांचं केलं होतं. माझ्या राणीने एका वर्षात 7 महिने घातले, 560 दिवसांचं वर्ष, 4 दिवस जास्त झाले ते पुढच्या वर्षीच फिटतात.

खरी मजा पुढे आहे, सावकार व्याज महिन्यावर लावतात आणि शेतसारा वर्षाचा, मग त्या 7 महिन्यांचं व्याज शेतकऱ्याने का द्यायचं? आता पुढचे दोन चॅप्टर याच भांडणावर लिहितेय.