फितूर कोण? लॉयलिस्टांच्या कागदांत शिरताना

अमेरिकन स्वातंत्र्ययुद्ध हा विषय घेऊन पहिल्याच सेमिनारला मी तोंडावर आपटले. "जॉन अॅडम्सनेच लिहून ठेवलंय, एक तृतीयांश लोक क्रांतीच्या बाजूचे, एक तृतीयांश विरोधातले आणि बाकीचे तळ्यात-मळ्यात," असं मी ठासून सांगितलं. दोन पुस्तकांत तसं वाचलं होतं. अॅडम्स हा क्रांतीतला एक पुढारी, पुढे अमेरिकेचा दुसरा अध्यक्ष. सरांनी एवढंच विचारलं, "त्याचं मूळ पत्र वाचलंस?" नव्हतं वाचलं. पत्र निघालं 1815 चं, आणि अॅडम्स त्यात सांगत होता ते फ्रेंच राज्यक्रांतीबद्दल अमेरिकनांना काय वाटत होतं ते. एकाने चूक केली आणि पुढच्या कित्येकांनी ती उतरवून घेतली, त्यांत मीही. तेव्हा या विषयाकडे वळणाऱ्यांना माझं पहिलं सांगणं हेच, की अवतरण वापरण्याआधी पत्र उघडा. अॅडम्स, वॉशिंग्टन यांची पत्रं 'फाउंडर्स ऑनलाइन' या संकेतस्थळावर फुकट वाचता येतात, त्यामुळे सबब चालत नाही. आकड्यांचं म्हणाल, तर लॉयलिस्ट, म्हणजे इंग्लंडच्या राजाच्या बाजूचे लोक, गोऱ्या लोकसंख्येच्या साधारण पाचवा हिस्सा होते असा अंदाज अभ्यासक धरतात. त्यांतले सुमारे 19 हजार राजाच्या पलटणींत प्रत्यक्ष लढले.

दुसरी अडचण शब्दांची. आपल्याकडे सूर्याजी पिसाळ ही शिवीच आहे. स्वातंत्र्ययुद्ध म्हटलं की एका बाजूला वीर आणि दुसऱ्या बाजूला फितूर, हे शाळेपासून डोक्यात बसलेलं. माझ्या पहिल्या टिपणात मी लॉयलिस्टांना सरसकट 'इंग्रजधार्जिणे' लिहिलं होतं. पण 1775 साली बॉस्टनचा माणूस स्वतःला इंग्रजच समजत होता, तर तो धार्जिणा कोणाचा? 'टोरी' हा लॉयलिस्टांवर विरोधकांनी मारलेला शिक्का, आणि 'पेट्रियट' म्हणजे देशभक्त, हा जिंकलेल्या बंडखोरांनी स्वतःकडे ठेवलेला मान. मी दोन्ही शब्द अवतरणचिन्हांत ठेवायला लागले. मजकूर जरा काटेरी दिसतो, दिसू दे.

शिवाय निष्ठा ही जन्मखूण नव्हती. डिसेंबर 1776 मध्ये न्यू जर्सी इंग्रज फौजेच्या ताब्यात आलं, तेव्हा हजारो लोकांनी राजाशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घेऊन संरक्षणाचा कागद मिळवला. महिन्याभरात वारं फिरलं. जानेवारी 1777 मध्ये बंडखोरांचा सेनापती वॉशिंग्टन याने हुकूम काढला, की ते कागद जमा करा आणि अमेरिकेची शपथ घ्या, नाहीतर इंग्रजांच्या हद्दीत चालते व्हा. गव्हाची कोठी आणि दोन बैल असलेल्या शेतकऱ्याने काय करायचं? म्हणून 'हा कोणत्या बाजूचा' असं विचारू नका. 'हा कोणत्या महिन्यात, कोणाच्या फौजेपासून किती कोसांवर होता' हे विचारा.

आता कागद. युद्ध हरल्यावर ब्रिटिश सरकारने 1783 मध्ये लॉयलिस्टांच्या नुकसानभरपाईसाठी आयोग नेमला. तीन हजारांहून जास्त दावे आले आणि सुमारे 30 लाख पौंड वाटले गेले. हे दावे लंडनमधल्या क्यू येथील नॅशनल अर्काइव्हजमध्ये 'एओ 12' आणि 'एओ 13' या मालिकांत आहेत. पहिल्यांदा वाचताना मला आजोबांची फाइल आठवली. आमची जमीन धरणात गेली तेव्हाचा अर्ज: विहीर एक, आंब्याची झाडं सात, गोठा कौलारू. इथेही तसंच आहे. गाई, सफरचंदाची बाग, पिसांची गादी, चहाचे चमचे. इतिहासकार मेरी बेथ नॉर्टन यांनी असे 468 बायकांचे दावे तपासले. नवऱ्याची जमीन किती, कर्ज किती, हे अनेकींना सांगता येईना. भांडीकुंडी मात्र तपशीलवार पाठ. घरातला कारभार कोणाकडे होता हे यादीच सांगून जाते. पण सावध. इथे पैसे मिळायचे ते निष्ठा सिद्ध केल्यावर, त्यामुळे प्रत्येकजण पहिल्या दिवसापासूनचा राजभक्त. आजोबांनीसुद्धा दोन झाडं वाढवून लिहिली होती.

हस्ताक्षराची भीती बाळगू नका. मोडी शिकलेल्याला तर ते खेळच वाटेल; फक्त 'एस' लांब काढलेला असतो आणि 'एफ'सारखा दिसतो. पौंडाचं मात्र नीट बघा. प्रत्येक वसाहतीचा पौंड वेगळ्या भावाचा होता, स्टर्लिंगमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या पौंडात, बदलल्याशिवाय बेरीज करू नका. मी केली होती. आख्खं प्रकरण पुन्हा लिहावं लागलं.

गोऱ्यांपुरतंच थांबू नका हे वेगळं सांगायला नको. ऑगस्ट 1777 मध्ये न्यू यॉर्कमधल्या ओरिस्कनीच्या लढाईत मोहॉक ही मूळनिवासी जमात राजाकडून आणि त्यांचेच संघबांधव ओनायडा बंडखोरांकडून लढले. त्यावर स्वतंत्र अभ्यास करावा इतका मजकूर आहे. (यॉर्कटाउनला 1781 मध्ये शरण आलेला इंग्रज सेनापती कॉर्नवॉलिस पाच वर्षांत आपल्याकडे गव्हर्नर जनरल होऊन आला आणि टिपूविरुद्ध मराठ्यांच्याच मांडीला मांडी लावून बसला. कोणी मराठी माणसाने या धाग्यावर काम करावं.)

मला सगळ्यात जास्त छळलं ते एका नोंदीने. इंग्रज न्यू यॉर्क सोडून निघाले तेव्हा त्यांच्याबरोबर जाणाऱ्या सुमारे 3 हजार कृष्णवर्णीयांची वही तयार झाली, 'बुक ऑफ निग्रोज'. कारण वॉशिंग्टनला आपल्या लोकांची 'मालमत्ता' परत हवी होती आणि इंग्रजांचा सेनापती कार्लटन देईना. त्यात 'लाबोंदांस' जहाजाखाली एक ओळ आहे: हॅरी वॉशिंग्टन, वय 43, धडधाकट, पूर्वी जनरल वॉशिंग्टनची मालमत्ता, सात वर्षांपूर्वी सोडून गेला. हा माणूस वॉशिंग्टनच्या माउंट व्हर्नॉन या जमीनदारीतून पळाला, राजाकडे गेला, कॅनडातल्या नोव्हा स्कोशियात राहिला, तिथून 1792 मध्ये पश्चिम आफ्रिकेत सिएरा लिओनला गेला. 1800 मध्ये तिथल्या सिएरा लिओन कंपनीच्या सरकारने जमिनीवर लावलेल्या साऱ्यावरून वसाहतीत बंड झालं, तर हा त्यात सापडला आणि हद्दपार झाला.

माझ्या टिपणवहीत प्रत्येक नावापुढे 'बाजू' असा रकाना आहे. हॅरीपुढे मी 'लॉयलिस्ट' लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं. शेवटी प्रबंध जमा करायच्या आदल्या रात्री तो रकानाच काढून टाकला आणि त्याच्या जागी 'तारीख' आणि 'ठिकाण' असे दोन घातले.