उरलेल्या चिकनचा एका पातेल्यातला भात: या चुका टाळा

रविवारी सकाळी कोपरीच्या बाजारातून आणलेलं दीड किलो चिकन आमच्याकडे दुपारी पोटभर जेवूनही उरतं. रात्री थोडं संपतं, तरी सात-आठ तुकडे आणि वाटी-दीड वाटी रस्सा राहतोच. सोमवार शंकराचा, मंगळवार बाप्पाचा. म्हणजे तो डबा उघडतो थेट बुधवारी. त्या दिवशी ठाणे स्टेशनवर उतरून घरी पोचेपर्यंत आठ वाजतात, पोळ्या लाटायचं त्राण नसतं, आणि मग तांदूळ, रस्सा, तुकडे, पाणी सगळं एकत्र करून कुकरला लावलं जातं. तीन शिट्ट्यांनी झाकण काढावं तर भात गिच्च, बुडाला वाटण करपलेलं आणि चिकनचा चोथा झालेला.

मी हा भात कित्येक वर्षं करते आहे. माझ्या अनुभवात यात जे बिघडतं ते बहुतेक एकाच गोष्टीमुळे: आपण उरलेल्या चिकनला कच्च्या चिकनसारखं वागवतो. बिर्याणीची, पुलावाची सवय हाताला असते. पण इथे शिजायचा आहे तो फक्त तांदूळ. चिकनचं शिजणं रविवारीच झालंय, आता त्याला नुसतं आतपर्यंत कडकडीत गरम व्हायचं आहे.

रविवारचं चिकन, बुधवारचा भात

आधी हे, कारण इथली चूक चवीची नाही, पोटाची आहे. शिजलेलं चिकन फ्रीजमध्ये, म्हणजे ४ अंशांच्या आसपास, तीन ते चार दिवस टिकतं. रविवार दुपार ते बुधवार रात्र साडेतीन दिवस झाले, अगदी काठावर. आणि तेही शिजल्यापासून दोन तासांत चिकन फ्रीजमध्ये गेलं असेल तरच. एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा ३२ अंशांच्या वर असतो, तेव्हा दोन तासही नाहीत, एकच तास धरायचा. दुपारी दीडला जेवण झालं, पातेलं ओट्यावर झाकून ठेवलं, झोप काढली, संध्याकाळी तलावपाळीला चक्कर मारली आणि आठ वाजता डब्यात काढलं, तर ते चिकन बुधवारपर्यंत नेऊ नका. त्या रात्रीही खाऊ नका. ओल्या नारळाचं वाटण असलेला रस्सा तर दमट हवेत फारच लवकर उतरतो.

‘परत चांगलं उकळलं की झालं’ असं आमच्या सासूबाई म्हणत. फ्रीज नव्हता तेव्हा रस्सा सकाळ-संध्याकाळ उकळून ठेवायची पद्धत होती आणि त्यांनी त्यावर घर चालवलं. पण उकळीने जंतू मरतात, काही जंतूंनी तोवर सोडलेलं विष मात्र उकळूनही जात नाही. म्हणून उकळीवर भरवसा ठेवण्याऐवजी वेळेवर लक्ष ठेवा. जेवणं झाली की तुकडे आणि रस्सा पसरट डब्यात काढा, म्हणजे लवकर निवतं, आणि आत ठेवा.

बुधवारीच खायचं हे ठरलेलं असेल तर रविवारी रात्रीच डबा फ्रीझरमध्ये टाका. मंगळवारी रात्री खालच्या कप्प्यात उतरवा, बुधवारी संध्याकाळपर्यंत सुटलेलं असतं. सकाळी ओट्यावर काढून दिवसभर ऑफिसला जाणं, हे नको.

ठेवताना आणखी एक. तुकडे रश्शात बुडलेले राहू देत. रस्सा भाताबरोबर संपवून कोरडे तुकडे ताटलीखाली झाकून ठेवले, तर दोन दिवसांनी त्यांना एक शिळकट, पुठ्ठ्यासारखा वास येतो. चिकनमधल्या चरबीचा हवेशी संबंध आल्याने तसं होतं. रश्शाखाली हवा कमी पोचते. थंड झाल्यावर रस्सा जेलीसारखा थरथरला तर घाबरून टाकून देऊ नका. हाडांतून, कातडीतून उतरलेला तो चिकटपणा आहे आणि भाताला सगळ्यात जास्त चव तोच देतो. वर गोठलेला तवंग चमच्याने काढून घ्या. नव्या तेलाऐवजी त्याचीच फोडणी करा.

चिकन सगळ्यात शेवटी

कुकरच्या आत तापमान १२० अंशांच्या जवळ जातं. पहिल्यांदा शिजताना चिकनचे धागे आखडून बरंचसं पाणी बाहेर गेलेलं असतं. त्याच तुकड्याला पुन्हा तीन शिट्ट्या दिल्या की उरलंसुरलंही जातं. छातीचा तुकडा मग लाकडाच्या भुश्यासारखा लागतो. तंगडी आणि मांडी थोडं सोसतात. गावठी कोंबडी असेल तर तीही सोसते, तिला जरा आधी घातलं तरी चालतं. ब्रॉयलर मात्र सोसत नाही.

म्हणून कुकर बाजूला ठेवा, जाड बुडाचं, घट्ट झाकणाचं पातेलं घ्या. चिकन फ्रीजमध्येच असू दे. तवंगाची फोडणी, त्यात तमालपत्र, दोन लवंगा, चार मिरी, मग उभा चिरलेला कांदा चांगला लाल होईपर्यंत. आलं-लसूण थोडंसंच, रश्शात आहेच. निथळलेले तांदूळ दोन मिनिटं हलक्या हाताने परतायचे, मग रस्सा आणि पाणी एकत्र उकळून केलेलं आधण ओतायचं. पाणी गरमच हवं. थंड पाणी ओतलं की उकळी येईपर्यंत तांदूळ नुसता भिजत राहतो आणि बाहेरून मऊ, आतून कणीदार होतो.

मध्यम आचेवर आठ-नऊ मिनिटांत पाणी तांदळाच्या पातळीला येतं आणि वर बारीक भोकं दिसू लागतात. चिकन घालायची वेळ ही. तुकडे हाडांवरून सोडवून बोटाच्या पेराएवढे करून ठेवलेले असतील तर उत्तम. ते भातावर पसरायचे, थोडे आत खुपसायचे, झाकण लावायचं, पातेल्याखाली तवा सरकवायचा आणि अगदी मंद आचेवर बारा मिनिटं. मग गॅस बंद, आणखी दहा मिनिटं झाकण उघडायचं नाही. त्या वाफेत चिकन गरम होतं आणि त्याचा रस भातात उतरतो.

वाढण्याआधी मधला एक तुकडा मोडून बघा. आतून वाफ निघाली पाहिजे. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर ७४ अंश दिसले पाहिजेत. मोठे तुकडे फ्रीजमधून काढून तसेच वर ठेवले तर आत कोमट राहतात आणि कोमट चिकन खाऊ नये.

पाण्याचा हिशेब

सगळ्यात जास्त पातेली इथे बिघडतात. रस्सा हेही पाणीच आहे हे विसरलं जातं. दोन वाट्या तांदळाला नेहमीच्या चार वाट्या पाणी घातलं, वर दीड वाटी रस्सा ओतला, की खिचडी होणारच. पातळ रस्सा पूर्ण पाण्यात धरा. घट्ट वाटणाचा असेल तर अर्धाच धरा, कारण त्यातलं खोबरं-कांदा तांदळाला पाणी देत नाहीत.

आता तांदूळ कोणता. मला या भाताला बासमतीपेक्षा कोलम आवडतो, रस्सा चांगला पितो. वाडा कोलम तर आपल्या शेजारचाच. २०१४ मध्ये पालघर जिल्हा वेगळा होईपर्यंत वाडा तालुका ठाणे जिल्ह्यातच होता, आणि २०२१ मध्ये या तांदळाला भौगोलिक मानांकनही मिळालं. जांभळी नाक्यावर घेताना दुकानदाराला एक प्रश्न जरूर विचारा: नवा की जुना? जुना तांदूळ कोरडा असतो, पाणी जास्त मागतो आणि मोकळा होतो. नवा लवकर शिजतो आणि चिकटतो. उघड्या पातेल्यात जुन्या कोलमला एकाला दोन हे माप मला बरोबर बसतं. नव्याला पाव वाटी कमी. अर्धा तास भिजवलेल्या बासमतीला एकास पावणेदोन पुरे. पहिल्यांदा पाव वाटी कमीच घाला. कमी पडलं तर वरून शिंपडता येतं, जास्त झालं तर काढता येत नाही.

मीठ आधणातच बघायचं, आणि तेही खळखळून उकळी आल्यावर. रस्सा भाकरीबरोबर खायच्या बेताने खारट असतो, म्हणून सवयीने चमचाभर मीठ घालू नका. आधण पिताना किंचित जास्त खारट लागलं की भातात बरोबर उतरतं. मसाल्याचंही तेच. आगरी मसाल्याच्या रश्शावर बिर्याणी मसाला ओतला तर दोघांचीही चव मरते. ताजेपणा हवा असेल तर शेवटी पुदिना, कोथिंबीर आणि लिंबू.

उरलंय काय, यावर बदल

नारळाच्या वाटणाचा रस्सा सरळ पातेल्यात ओतला की वाटण तळाला बसतं आणि पाणी आटायच्या आत करपतं. शेजारच्या काकू कळव्याच्या, त्यांच्याकडून कधी वाटीभर रस्सा येतो, तो असाच दाट असतो. तो थोड्या गरम पाण्याने सैल करून गाळून घ्या. पातळ भाग आधणात. गाळणीत राहिलेलं वाटण चिकनच्या तुकड्यांना चोळून शेवटी भातावर पसरायचं, एका जागी गोळा ठेवायचा नाही. हे करू लागल्यापासून माझं पातेलं बुडाला लागलेलं नाही.

तंदुरी उरली असेल तर मांस काढून घ्या आणि हाडं टाकू नका. कांद्याची फोड, चार मिरी आणि पाच वाट्या पाण्यात अर्धा तास मंद उकळा आणि तेच पाणी आधण म्हणून वापरा. मांस कोरडं असतं, म्हणून चमचाभर तूप चोळून मगच भातावर घाला. हॉटेलातल्या बटर चिकनच्या ग्रेव्हीत तांदूळ शिजवू नका. मलई फुटते, तळाला लागते. भात खड्या मसाल्यावर साध्या पाण्यात करा, ग्रेव्ही तुकड्यांसकट शेवटी. चिली चिकनच्या कॉर्नफ्लोअरचा भातात लगदा होतो, ते या पदार्थाला घेऊच नका.

बिघडलंच तर

तांदूळ कणीदार राहिला आणि पाणी संपलं: दोन-तीन चमचे उकळतं पाणी कडेकडेने शिंपडा, झाकणाखाली ओला फडका बांधा, पाच मिनिटं मंद आच. ढवळू नका.

गिच्च झाला: झाकण काढा, परातीत हलकेच पसरा, पंख्याखाली पाच मिनिटं. त्यानेही मोकळा नाही झाला तर वर तूप सोडून मऊ भात म्हणूनच वाढा. परतत बसलात तर तुकडेही मोडतील.

करपल्याचा वास आला: उलथनं तळापर्यंत नेऊ नका. वरचा भात दुसऱ्या भांड्यात काढा, तळाचा थर तसाच सोडा. खरवडलात तर कडूपणा सगळीकडे पसरतो.

खारट झाला तर बरोबर बिनमिठाचं दही किंवा काकडीची कोशिंबीर द्या.

आणि हा भात उरला तर

बेताचाच करा. चौघांना दोन वाट्या तांदूळ आणि दोन वाट्या सोडवलेलं चिकन पुरतं. फोडणीच्या भातासाठी रात्रीचा भात ओट्यावर ठेवायची आपल्याला सवय आहे, पण शिजलेल्या भातात बॅसिलस सीरियस नावाच्या जंतूचे बीजाणू जिवंत राहतात आणि भात उबेत राहिला की ते वाढून विष तयार करतात. त्यात हे चिकन एकदा उरलेलं, एकदा गरम झालेलं. भात राहिलाच तर लगेच ताटात पसरून निववा, तासाभरात फ्रीजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशी एकदाच वाफाळेपर्यंत गरम करून संपवा.

डब्याला मात्र देऊ नका. सकाळी आठला भरलेला डबा लोकलच्या गर्दीतून जातो आणि दुपारी एकपर्यंत कोमट राहतो. ऑफिसात फ्रीज आणि मायक्रोवेव्ह दोन्ही आहेत आणि डबा पोचल्या पोचल्या आत जाईल, याची खात्री असेल तरच फ्रीजमधला थंडगार भात तसाच भरून द्या.