आयर्लंडचा दुष्काळ वर्गात शिकवताना

नववीला आयर्लंड शिकवायचं तर आधी नकाशा नको, बटाटा काढा. मी साताऱ्याच्या मंडईतून चार-पाच आणते. त्यातला एक आठवडाभर ओल्या फडक्यात कुजवते. तो वर्गात कापायचा. मुलं नाक दाबतात, काळा चिकट गर बघतात. १८४५ साली करपा पडला तेव्हा शेतंच्या शेतं अशी झाली.

मग विचारा, एक पीक गेलं म्हणून दहा लाख माणसं कशी मेली? इथं घाई करू नका, उत्तर मुलांकडूनच येऊ द्या. फळ्यावर कुळाचं शेत काढा: ओट आणि लोणी विकून खंड भरायचा, पोटाला फक्त बटाटा. त्या वर्षांतही बंदरातून धान्य इंग्लंडला जात होतं. माणमधली एक मुलगी लगेच म्हणाली, "बाई, म्हणजे धान्य होतं, पण त्यांचं नव्हतं." धडा तिथंच झाला.

१८७९ची लँड लीग म्हणजे कुळांची संघटना, आणि १८८०चा कॅप्टन बॉयकॉट, म्हणजे कुळांनी बहिष्कार टाकलेला जमीनदाराचा कारभारी, हे थोडक्यात सांगा. १९१९ नंतर ब्रिटिश कोर्टं डावलून आयरिश लोकांनी चालवलेली स्वतःची न्यायालयं मात्र नीट सांगा, कारण १९४३च्या प्रतिसरकारच्या, म्हणजे साताऱ्यात ब्रिटिशांविरुद्ध चाललेल्या समांतर सरकारच्या, गावोगावच्या न्यायनिवाड्यांच्या आठवणी इथं घरोघरी आहेत. मुलांना आजी-आजोबांना विचारून यायला लावा.