मुलांना कचरा शिकवताना या चुका टाळा

तक्त्यावर हिरवा-निळा डबा रंगवून घेतला की धडा संपला, ही पहिली चूक. चित्रातलं केळ्याचं साल कुठे टाकायचं हे बालवाडीतलं मूलही सांगतं. अडतं ते दुधाच्या पिशवीपाशी: आत दूध चिकटलंय, मग ओला की सुका? खरी पिशवीच हातात द्या. कोपरा कापून वेगळा करू नका, लटकता ठेवा; नखाएवढा तुकडा कुणी वेचत नाही, तो गटारात जातो. पिशवी विसळून, उलटी वाळवून सुक्या कचऱ्यात. न विसळलेली पिशवी आंबते आणि शेजारची रद्दीही नासवते.

मुलं आठवडाभर घरचा कचरा मोजणार असतील, तर नुसतं वजन लिहू नका. ओल्यात पाणी असतं म्हणून तो जड भरतो, प्लॅस्टिक हलकं पण जागा खातं. वजन आणि डबा किती भरला, दोन्ही लिहायला लावा.

खताची बादली बहुतेकदा दहा-बारा दिवसांत वास मारू लागते आणि उपक्रम बंद पडतो. कारण ठरलेलं: सालं भरपूर, वाळला पाला नाही. हवा खेळत नाही, सगळं कुजतं. वीस लिटरच्या बादलीला तळाशी आणि बाजूंना पेन्सिल जाईल एवढी भोकं पाडा, खाली ताटली ठेवा. एक वाटी ओल्यावर दोन वाट्या चुरलेला पाला, दर तीन दिवसांनी एकदा हलवणं. मूठभर दाबल्यावर पाणी ठिबकलं तर आणखी पाला घाला, हात नुसता ओलसर झाला तर बरोबर. द्राक्षांच्या मोसमात जास्त जपा, कारण नासलेल्या मण्यांना पाणी सुटतं आणि चिलटं येतात. वर पाल्याचा दोन बोटं थर हवाच. घाई नको, खत व्हायला दीड-दोन महिने लागतात.

निर्माल्य तसंच बादलीत टाकू नका. हाराचा दोरा अनेकदा नायलॉनचा असतो, जरीचे धागे आणि थर्माकोलचे मणीही असतात. आधी फुलं सुटी करायची. मुलांना गोदाघाटावर, म्हणजे गोदावरीच्या घाटावर, सफाईला नेताना जाड हातमोजे आणि चिमटे घ्या. काच किंवा सुई दिसली तर मुलांनी हात न लावता मोठ्यांना हाक मारायची.

आणि ‘अभ्यास कर, नाहीतर कचरा उचलावा लागेल’ हे वाक्य घरात कधीही नको. त्या एका वाक्याने मूल घंटागाडीवरच्या काकांना कमी लेखायला शिकतं. त्यापेक्षा फुटलेला काचेचा पेला तुम्ही जाड कागदात गुंडाळा, वर मोठ्या अक्षरात ‘काच’ मुलाला लिहू द्या, आणि गाडी आल्यावर ते पुडकं त्यानेच काकांना सांगून द्यावं.